तारेवरच्या चिंध्या

आई गेली त्यानंतर पहिल्यांदाच, सुट्टीचा वार नसताना फ्रेमच्या दुकानाचं शटर बंद राहिलं. दादाने सकाळी खाली जाऊन त्यावर ‘आज दुकान बंद’ असा कागद चिकटवला, वर आला आणि चहाचा कप हातात घेऊन उभ्याउभ्याच म्हणाला, “साडेनऊला सगळे स्टुडिओत. बाबा, तुम्हीसुद्धा.”

“मी रोजच असतो तिथे,” मास्तर म्हणाले. “तुम्हालाच नवीन आहे ते.”

एरवी यावर भुंग्याने नक्की काहीतरी टोला हाणला असता. आज तो कपातल्या चहाकडे बघत बसला.

स्टुडिओ म्हणजे दुकानाच्या डोक्यावरची लांबट खोली. एका अंगाला उत्तरेची मोठी खिडकी, दुसऱ्या अंगाला गॅलरी, आणि मधल्या भिंतीपलीकडे दादाच्या मुलीची झोपायची खोली. काल दुपारी साडेचारला खिडकीखालच्या खोक्याने पेट घेतला, तेव्हा ती चार वर्षांची पोरगी भिंतीपलीकडे झोपली होती. वहिनीने तिला पांघरुणासकट उचलून खाली नेलं, दादा आणि भुंग्याने बादल्या ओतल्या, आणि पंधरा मिनिटांत सगळं आटोपलं. पडदा गेला, भिंत छतापर्यंत काळी झाली, ईझलवरच्या न्यायाधीशबाईंच्या पोर्ट्रेटला डाव्या खांद्यावर फोड आले. ‘एवढ्यावर निभावलं’ असं शेजारचे चौघे येऊन म्हणून गेले होते, आणि चारही वेळा वहिनी उठून पोरीला बघून आली होती. पोरगी आज तिच्या मावशीकडे होती.

खोलीत अजून ओल्या राखेचा वास होता. मास्तर आपल्या नेहमीच्या स्टुलावर बसले, ताई भिंतीशी, वहिनी दाराशी. भुंगा बसलाच नाही. घरात सगळ्यांत धाकटा, लहानपणी दिवसभर काहीतरी गुणगुणायचा म्हणून भुंगा. आता चौतीस वर्षांचा झाला, डोक्यावरचे केस विरळ झाले, तरी नाव काही सुटलं नाही.

“मी सरळ बोलतो,” दादा म्हणाला. “आग आपोआप लागत नाही. या खोलीत आग लागायची दोनच कारणं, आणि दोन्ही बाबांनीच आपल्याला शिकवलीत. एक, तेलाच्या चिंध्या. दुसरं, काडी.”

हे त्याला समजावून सांगायची गरज नव्हती. आईला टर्पेंटाइनच्या वासाने दम लागायचा, म्हणून या घरात ब्रश जवसाच्या तेलात धुतले जात. आधी चिंधीने रंग पुसायचा, मग बशीतल्या तेलात ब्रश घोळवायचा, पुन्हा चिंधीने पुसायचा, आणि शेवटी साबण. आई गेली तरी पद्धत तीच राहिली. पण जवसाच्या तेलात भिजलेली चिंधी बोळा करून टाकली की आतल्या आत तापत जाते, आणि दोन-चार तासांत काडी न लावता पेटते. म्हणून हातातली चिंधी त्याच मिनिटाला गॅलरीतल्या तारेवर उलगडून चिमट्याने लावायची. घरातल्या तिन्ही मुलांना हा नियम पाढ्यांच्या आधी पाठ झाला होता. भुंग्याने तर सहाव्या वर्षी तो मोडून मास्तरांच्या हातचा धपाटाही खाल्ला होता.

“चिंध्या तारेवर होत्या,” मास्तर म्हणाले. “जेवायला उतरायच्या आधी मी स्वतः लावल्या. पन्नास वर्षं लावतोय.”

“माहीत आहे, बाबा. ताईनेही बघितल्या. हो ना गं?”

ताईने मान हलवली. तिचा उजवा गाल सुजला होता. कालच दाढ काढली होती. “दोन होत्या,” ती म्हणाली. “तारेवरच होत्या.”

“मग राहिली काडी.” दादाने खिशातून सिगारेटचं पाकीट काढलं. पाण्याने फुगलेलं, एका कोपऱ्याला करपलेलं. त्याने ते टेबलावर ठेवलं, सगळ्यांना दिसेल असं. “काल दाखवलंच सगळ्यांना, भुंग्या, खिडकीच्या कट्ट्यावर मिळालं. चार वाजता तू या खोलीतून बाहेर येताना हिने तुला बघितलंय.”

“पाकीट माझंच आहे,” भुंगा म्हणाला. “विसरलो होतो इथे. चारला पेन्सिल घ्यायला आलो, घेतली, गेलो. इथे काडी ओढली नाही मी. या खोलीत मी आयुष्यात सिगारेट प्यायलेलो नाही, दादा. मागच्या जिन्यात पितो. तुलाही माहीत आहे, तू स्वतः तिथे येऊन माझ्याकडून मागून पितोस.”

वहिनीने नवऱ्याकडे बघितलं. दादाच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

“तो विषय नाही आत्ता,” तो म्हणाला.

“मग कोणता विषय आहे?”

“माझी पोरगी त्या भिंतीच्या पलीकडे होती, हा विषय आहे.”

 

ताई खोटं बोलली होती. तारेवर काल एकही चिंधी नव्हती.

आग विझली, दादा मेन स्विच बघायला खाली धावला, तेव्हा ती गॅलरीत गेली होती. तारेवर चिमटे एका रांगेत, मोकळे. एका क्षणात तिला सगळं समजलं. तिने कपाटातून जुन्या चादरीचे फाडून ठेवलेले दोन तुकडे काढले आणि तारेवर लावून टाकले. हात आधी चालले, डोकं मागून आलं. दादाने वर येऊन विचारलं तेव्हा डोकं पोहोचलं होतं, तरी ती म्हणाली, “चिंध्या इथेच आहेत.”

सात महिने ती हे सांभाळत होती. पहिल्यांदा लक्षात आलं ते एका चपट्या ब्रशवरून. मास्तरांनी धुऊन फळीवर आडवा ठेवलेला, टोक कसं सुरीसारखं सरळ. पण तिने सहज केस बोटांत धरून वाकवले, तर मुळाशी, पत्र्याच्या कडेला, निळा रंग तसाच घट्ट बसलेला. ब्रश टोकाला खराब होत नाही, मुळाशी होतो, हे मास्तर शिकायला येणाऱ्या प्रत्येकाला पहिल्या दिवशी सांगत. मुळाशी रंग वाळला की केस फाकतात आणि मग त्या ब्रशने कुंपणच रंगवावं. तिने तो ब्रश पुन्हा धुतला. दुसऱ्या दिवशी तीन धुतले. मग रोजच. मास्तर जेवायला उतरले की ती “आवरून येते” म्हणून मागे राहायची. कधी साबण लावायचाच राहिलेला, कधी ब्रश डोक्यावर उभा ठेवलेला, आणि कधी चिंधी बोळा होऊन खोक्यात. ती उलगडून तारेवर लावायची, आणि खाली जाऊन त्यांच्या ताटाशेजारी बसायची.

कोणाला सांगितलं नाही, कारण पुढे काय होईल ते तिला ठाऊक होतं. दादा वाईट नव्हता, पण हिशेबी डोक्याचा होता. बाबांना जमेनासं झालं की वरची खोली लाकडाच्या पट्ट्या ठेवायला घ्यायची, हे त्याने दोनदा बोलून दाखवलं होतं. आणि मागे मास्तर आठ दिवस तापाने वर गेले नाहीत, तर नवव्या दिवशी त्यांना स्वतःच्याच घरात जिना सापडेना. जिन्याकडे पाठ करून ते तिला विचारत होते, “वर कुठून जायचं गं?” वर आल्यावर, ब्रश हातात घेतल्यावर, चेहरा पुन्हा मास्तरांचा झाला. त्या दिवशी ताईने ठरवलं होतं की ही खोली बंद होऊ द्यायची नाही, काय वाटेल ते होवो.

आणि काल दाढ काढायला गेली. दोनला परत आली, तोंड बधिर, डोकं जड. पाच मिनिटं पडते आणि मग वर बघते म्हणाली, आणि आडवी झाली ती धुराच्या वासानेच उठली.

जुन्या वायरवर खापर फुटेल असं तिला वाटलं होतं. भुंग्याचं पाकीट कट्ट्यावर असेल, हे तिच्या स्वप्नातही नव्हतं.

भुंगा मात्र तिच्याकडेच बघत होता. तीन महिन्यांपूर्वी तो या घरात परत आला तोच तिच्या फोनमुळे. ‘बाबा थकलेत रे. ये, त्यांच्या शेजारी बसून काम कर.’ मास्तरांशी भांडून सात वर्षं तो दुसरीकडे नाटकांचे पडदे रंगवत होता. ताई म्हणाली म्हणून तो आला. लहानपणापासून दादा ओरडला की मध्ये ताई, बाबांनी हात उगारला की मध्ये ताई. आताही ती काहीतरी म्हणेल. निदान ‘थांबा, नीट विचार करू’ एवढं तरी. तो वाट बघत होता.

ताई फरशी बघत होती.

“बाबा,” भुंगा म्हणाला, “तुमचा विश्वास आहे माझ्यावर?”

मास्तरांनी मान वर केली नाही. “काल बोललो ना,” ते म्हणाले. “माझ्या स्टुडिओत काडी ओढणारा माझा कोणी नाही.”

“बरं.” त्याने दोन्ही हात हवेत उडवले. “संध्याकाळची गाडी आहे, जातो. तुला हेच हवं होतं ना, दादा? आता पाकीट उचल ते. आत दोन उरल्यात, वाळल्या की पी.”

“भुंग्या, तोंड सांभाळ!”

“सांभाळलं म्हणूनच एवढंच बोललो.”

वहिनी दाराशी बसून हे ऐकत होती आणि तिला काहीतरी खटकत होतं. काय ते सापडत नव्हतं. दिरावर तिचा राग होता, पण त्याने सिगारेट पेटवून खोक्यात टाकली, हे चित्र काही केल्या तिच्या डोळ्यांसमोर उभं राहत नव्हतं. आणि ताई. अकरा वर्षांत या घरातलं एकही भांडण ताईंनी मध्ये तोंड घातल्याशिवाय संपलं नव्हतं. आज दाढ दुखतेय, असं तिने स्वतःला सांगितलं. पण दाढ दुखणारा माणूस गाल धरतो. ताईंनी दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले होते.

भुंग्याने कोपऱ्यातली बशी पुढे ओढली. त्याचे सात-आठ ब्रश कालपासून तेलात आडवे पडले होते. आगीच्या गडबडीत त्यांच्याकडे कोण बघणार?

“एवढे धुतो आणि निघतो,” तो म्हणाला. “तेलकट ब्रश बॅगेत घातले तर कपड्यांची वाट लागेल.”

तो नळाशी गेला आणि पहिला ब्रश थेट पाण्याखाली धरला. मास्तर स्टुलावरून ताडकन उठले.

“पुसल्याशिवाय पाण्याखाली? सात वर्षांत एवढंही विसरलास? आण इकडे.”

“बाबा, राहू द्या—”

“आण म्हणतोय ना!”

दादा काही बोलायला गेला. वहिनीने हाताने त्याला थांबवलं. कशासाठी, तिलाही नक्की सांगता आलं नसतं.

मास्तरांनी कपाटातून एक स्वच्छ चिंधी घेतली, ब्रश तिच्यात गुंडाळला आणि मुळाकडून टोकाकडे दोन बोटांनी ओढला. चिंधीवर तांबूस पट्टा उमटला. मग बशीतलं तेल, पुन्हा चिंधी. पट्टा फिका झाला. तिसऱ्यांदा चिंधी जवळजवळ कोरी राहिली, तेव्हा त्यांनी डाव्या तळहातावर साबण घासला आणि ब्रश हातावर गोल गोल फिरवू लागले, लहान मुलाचं तोंड धुवावं तितक्या हलक्या हाताने. सगळे बघत राहिले. भुंगासुद्धा. हे बघतच ते तिघं मोठे झाले होते.

“आत बघ,” मास्तर म्हणाले. अंगठ्याने त्यांनी पत्र्याच्या कडेशी केस दाबले आणि फेसातून गुलाबी रंग बाहेर आला. “वरून स्वच्छ दिसतो. आत असतोच. फेस पांढरा होईपर्यंत सोडायचा नाही. आणि पाणी थंड. गरम पाण्याने काय होतं?”

“डिंक सुटतो,” भुंगा पुटपुटला. “केस गळतात.”

“आणि मग ते केस कुठे सापडतात?”

“न्यायाधीशबाईंच्या नाकावर.”

मास्तर हसले. खरंच हसले, अगदी पूर्वीसारखे. ब्रश धुतला, झटकला, ओल्या केसांना बोटांनी आकार दिला आणि फळीवर आडवा ठेवला, टोक कडेबाहेर काढून. मग डाव्या हातातली तेलकट चिंधी त्यांनी मुठीत चुरगळली, बोळा केला, पायाशी पडलेल्या नव्या खोक्यात टाकला आणि पुढचा ब्रश उचलला.



खोकं सकाळीच दादाने राख भरायला आणून ठेवलं होतं. बोळा तळाशी पडला होता, तांबूस डाग वर करून. मास्तर दुसरा ब्रश तेलात घोळवत होते. चिंधी हवी म्हणून त्यांनी डावा हात पुढे केला, हात रिकामा होता. ते क्षणभर त्या हाताकडे बघत राहिले. मग त्यांना खोलीतली शांतता जाणवली. त्यांनी मान वर केली. चौघांची नजर जिथे होती तिकडे त्यांनीही बघितलं.

फार वेळ लागला त्यांना. ब्रश खाली ठेवून ते वाकले, खोक्यातून बोळा काढला आणि उलगडला, एक एक घडी सरळ करत. गॅलरीकडे चालत गेले. चिमटा लावल्याचा आवाज आला. परत आले.

“काल,” त्यांनी विचारलं, “कालही असंच?”

“पण काल तर चिंध्या तारेवर होत्या,” दादा म्हणाला. त्याचा आवाज घोगरा झाला होता. “मी डोळ्यांनी बघितल्या. दोन. ताई, तू पण...”

वहिनी उठली. तिला जे सापडत नव्हतं ते आता सापडलं होतं. ती गॅलरीत गेली आणि कालपासून लटकत असलेले दोन्ही तुकडे काढून घेऊन आली. तेलाची चिंधी दिवसभर वाळली की पत्र्यासारखी कडक होते. हे तुकडे मऊ होते, पांढरे होते, कुठे रंगाचा ठिपका नव्हता. तिने ते टेबलावर, सिगारेटच्या पाकिटाशेजारी ठेवले.

“या चिंध्यांनी ब्रश पुसलेलाच नाही कोणी,” ती म्हणाली. “ताई?”

ताईने मांडीखालचे हात काढले.

“मी लावल्या,” ती म्हणाली. “आग विझल्यावर.”

मग तिने सगळं सांगितलं. निळा ब्रश, सात महिने, रोजचं आवरणं, कालची दाढ. सुजलेल्या तोंडाने शब्द जाडे निघत होते आणि ती कुणाकडेही बघत नव्हती. दादा मध्ये एकदा “अगं पण—” म्हणाला आणि गप्प झाला.

“सात महिने?” मास्तर म्हणाले. “म्हणजे मी धुतलेले ब्रश तू पुन्हा धूत होतीस?”

“हो, बाबा.”

“रोज?”

“रोजच नाही. कधी कधी चांगले धुतलेले असायचे.”

हे शेवटचं वाक्य तिने म्हणायला नको होतं. आग त्यांनी ऐकून घेतली होती; हे त्यांना सोसलं नाही. त्यांनी स्टूल चाचपलं आणि खाली बसले. आयुष्यभर ज्यांनी दुसऱ्यांच्या ब्रशची मुळं वाकवून बघितली, त्यांच्याच ब्रशची मुळं सात महिने त्यांची मुलगी त्यांच्यामागून बघत होती. त्यांनी हात गुडघ्यांवर ठेवले. साबण अजून बोटांच्या बेचक्यांत होता.

“कुलूप लाव,” ते दादाला म्हणाले. “पट्ट्या ठेव इथे. पोरगी पलीकडे झोपते.”

दोन वर्षं ज्या खोलीवर डोळा होता ती आयती पदरात पडली, आणि दादाला ती घेववेना. “आत्ता लगेच कुठे, बाबा,” तो म्हणाला. “बघू. न्यायाधीशबाईंचं तरी पुरं करा.”

“बघू नाही. ठरवायचं ते आत्ता ठरवा,” वहिनी म्हणाली. सगळे तिच्याकडे वळले. “कुलूप नको. बाबांनी रंगवावं. पण ब्रश धुताना त्यांच्या बाजूला एक माणूस हवा, आणि चिंधी बाबांनी त्याच्या हातात द्यायची. रोज, न चुकता. ज्या दिवशी हे झालं नाही, त्या दिवशी कुलूप मी स्वतः लावीन आणि मग कुणाचं ऐकणार नाही. चालेल, बाबा?”

मास्तरांनी मान हलवली. एवढा मोठा माणूस शाळेतल्या पोरासारखा मान हलवतो हे बघून वहिनीच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ती मागे हटली नाही.

“मी थांबत जाईन,” ताई म्हणाली. “आता सगळ्यांना माहीतच आहे, तर उघडपणे—”

“तुम्ही नको, ताई.”

“अगं, मला सवय आहे—”

“म्हणूनच नको. तुम्हाला लपवायची सवय आहे.” वहिनीचा आवाज चढला नव्हता, तरी ताईला तो लागला. “तुम्ही कुणालाच सांगायचं नव्हतं, ठीक. पण मला एकटीला, स्वयंपाकघरात, हळूच सांगितलं असतं तरी चाललं असतं. मी कुणापाशी बोलले नसते. पोरीला फक्त दुसऱ्या खोलीत झोपवलं असतं.”

 हे ताईला सात महिन्यांत एकदाही सुचलं नव्हतं. खरंच नव्हतं.

“मी थांबतो,” भुंगा म्हणाला.

मास्तरांनी त्याच्याकडे बघितलं. मग ते उठून उभे राहिले, स्टुलाला धरून, पण सरळ.

“काल सगळ्यांसमोर बोललो होतो तुला,” ते म्हणाले, “म्हणून आजही सगळ्यांसमोर सांगतो. चुकलो मी. तुझी काही चूक नव्हती.”

मास्तर चुकलो म्हणाले, असं या घरात कुणी ऐकलं नव्हतं. सात वर्षांपूर्वी हे दोन शब्द आले असते तर भुंगा घर सोडून गेलाच नसता.

“असू दे हो, बाबा,” भुंगा म्हणाला. त्याने त्यांच्या बोटांवरचा साबण आपल्या शर्टाच्या बाहीने पुसला. “तुम्ही खाली जाऊन टेका जरा. उरलेले मी धुतो. बरोबर धुतले की नाही ते नंतर वाकवून बघा.”

दादाने टेबलावरचं पाकीट उचललं, काय करावं ते न कळून खिशात टाकलं, आणि भावाच्या खांद्यावर हात ठेवला. “भुंग्या, मी पण...”

“तू शटर उघड जा. अर्धी सकाळ गेली धंद्याची.”

दादा मास्तरांना हाताला धरून जिन्याने खाली घेऊन गेला. वहिनी त्यांच्या मागून गेली. जाताना तिने टेबलावरचे दोन्ही पांढरे तुकडे उचलून नेले.

ताई नळाशी आली. बशीत सहा ब्रश उरले होते. सवयीने तिने साबणाची वडी उचलली. भुंग्याने ती तिच्या हातातून काढून घेतली. हिसकावली नाही, नुसती घेतली.

“राहू दे. मी करतो.”

“मऊ केसांचे आधी धू. आणि मुळाशी—”

“येतं मला.”

तो पुसत होता, ती बघत होती. खालून शटर वर गेल्याचा आवाज आला.

“मी काल सांगणार होते रे,” ती म्हणाली. “दादा शांत झाला की सांगू म्हटलं. आज तू जातो म्हणालास ना, तेव्हा अगदी तोंडावर आलं होतं माझ्या.”

“आलं होतं ना? मग मी बशी घेतली, नळाशी गेलो. बाबांनी पूर्ण एक ब्रश धुतला. तेवढ्या वेळात काय झालं?”

 चिंधी खोक्यात पडली नसती तर संध्याकाळच्या गाडीत तो बसला असता, आणि ती त्याला डबा बांधून द्यायला खाली उतरली असती. हे तिला ठाऊक होतं, आणि त्यालाही.

“बाबांची ही खोली गेली असती, भुंग्या. त्यांचं काय झालं असतं ते तू बघितलेलं नाहीस. मी बघितलंय.”

“कळतंय मला. तू कुणासाठी केलंस ते कळतंय.”

“मग त्यांना एका शब्दात माफ केलंस. तुला ‘माझा कोणी नाही’ म्हणाले ते, तरी केलंस. आणि माझ्याकडे बघतसुद्धा नाहीस?”

भुंग्याने तळहातावर साबण घासला. ब्रश फिरवला, अंगठ्याने मूळ दाबलं, फेसातून रंग येतोय का बघितलं. येत होता.

“त्यांना आठवत नव्हतं, ताई,” तो म्हणाला. “तुला सगळं आठवत होतं.”

आणि त्याने नळ सोडला.